उंचावर श्वास कसा घ्यावा : झरी व पंचक्रोशीसाठी प्राथमिक पुस्तिका

परभणी-जिंतूर रस्त्यावरच्या झरी गावातली आणि आसपासच्या वाड्यावस्त्यांवरची मंडळी श्वास या विषयात आजवर कधी नापास झालेली नाहीत. शिकवणी लावली नाही, पुस्तक उघडलं नाही, तरी सगळे पास. तेव्हा आता या वयात त्याचे धडे कशाला, असं वाटणं साहजिक आहे. पण भजनी मंडळाचं चारधामचं ठरलंय, पुण्यातल्या मुलाने आईवडिलांना लेहचं विमान बुक करून दिलंय आणि चौकातल्या पोरांनी बुलेटवर खारदुंग ला गाठायचं नक्की केलंय. या तिन्ही तुकड्यांसाठी ही पुस्तिका आहे. ती घरीच वाचून संपवावी. वर गेल्यावर वाचायला डोकं जागेवर असेलच असं नाही.

प्रवेशाची अट एकच, श्वास चालू असावा. पैलवानांना सवलत नाही.

लागणारं साहित्य : फुप्फुसं, किडन्या, मानेतल्या दोन बारीक गाठी (यांच्याविषयी पुढे येईल) आणि मोकळे दिवस. पहिल्या तीन वस्तू बहुतेकांकडे असतात. चौथी टूरवाल्याच्या पत्रकात कुठेच नसते, ती हट्टाने मागून घ्यावी लागते.

धडा पहिला : झरीत हवा किती आहे

झरी समुद्रसपाटीपासून साधारण ४०० मीटरवर आहे. समुद्रकाठी हवेचा दाब पाऱ्याच्या ७६० मिलिमीटरइतका धरतात, झरीत तो सव्वासातशेच्या आसपास भरतो. लेह साडेतीन हजार मीटरवर आणि केदारनाथ ३,५८३ मीटरवर. दोन्हीकडे दाब पाचशेच्याही थोडा खाली.

‘वर ऑक्सिजन कमी असतो’ हे वाक्य आपण सगळेच बोलतो. परीक्षेत लिहिलं तर अर्धे गुण मिळतील. हवेतला ऑक्सिजनचा वाटा झरीत २१ टक्के, केदारनाथला २१ टक्के आणि एव्हरेस्टच्या माथ्यावरही तेवढाच. घटतो तो दाब. हवा विरळ होते, म्हणून छाती तेवढीच फुगली तरी आत येणारा ऑक्सिजन कमी पडतो. झरीत एका श्वासात जेवढा मिळतो, त्याच्या दोन-तृतीयांश केदारनाथला मिळतो. एव्हरेस्टवर जेमतेम एक-तृतीयांश.

‘आम्ही जिंतूरची नेमगिरी चढून आलो, काही झालं नाही,’ असा पुरावा काही विद्यार्थी सादर करतात. नेमगिरीला पाय लागतात. केदारनाथला पाय लागतातच, वर रक्ताचं रसायनही बदलावं लागतं. महाराष्ट्रातलं सगळ्यात उंच कळसूबाई १,६४६ मीटर. तिथेही हवा झरीच्या सुमारे ८६ टक्के असते आणि शरीर तिची फारशी दखल घेत नाही. साधारण अडीच हजार मीटर ओलांडले की प्रकरण अंगाला लागायला सुरुवात होते. म्हणजे या विषयाचं प्रात्यक्षिक अख्ख्या महाराष्ट्रात कुठेच करता येत नाही. किल्ले कितीही चढा.

दुसरा पुरावा उन्हाचा. ‘आम्ही परभणीच्या उन्हात हळद शिजवणारी माणसं, आम्हाला काय होतंय?’ उन्हाची सवय घामाची असते. तिचा इथे उपयोग नाही, पण अडचणही नाही. चंद्रपूरचं ऊन परभणीपेक्षा एखादा अंश चढंच, आणि त्या जिल्ह्यातल्या आदिवासी आश्रमशाळांचे पाच विद्यार्थी मे २०१८ मध्ये ‘मिशन शौर्य’ मोहिमेतून एव्हरेस्टच्या माथ्यावर पोचले. माणूस कुठल्या गावचा आहे हे शरीर विचारत नाही, किती दिवसांत वर आणलंत एवढंच विचारतं.

धडा दुसरा : श्वास कोण घेतं

प्रात्यक्षिकापासून सुरुवात करू. खाटेवर बसावं, नाक-तोंड बंद करावं आणि मनात आकडे मोजावेत. थोड्या वेळाने छातीतून अशी उसळी येते की तोंड आपोआप उघडतं. विद्यार्थ्याला वाटतं, ऑक्सिजन संपला. तसं नसतं. तोवर ऑक्सिजन फारसा घटलेलाही नसतो. साठलेला असतो कार्बन डायऑक्साइड. त्याने रक्त किंचित आम्लाकडे झुकतं, मेंदूच्या बुडाशी बसलेला पहारेकरी ते ओळखतो आणि श्वासाचा हुकूम सोडतो. झरीत बांधावर बसलेल्या माणसाचा श्वास रात्रंदिवस याच हुकमावर चालतो. ऑक्सिजनची चौकशी फारशी कुणी करतच नाही, कारण तो भरपूर असतो.

(हे प्रात्यक्षिक विहिरीत करू नये. बुडी मारण्याआधी जोरजोराने दहावीस श्वास घेणाऱ्या पोरांच्या अंगातला कार्बन डायऑक्साइड आधीच निघून गेलेला असतो. त्यामुळे वर यायची उसळी येत नाही आणि पाण्याखालीच शुद्ध हरपते. हा मुद्दा पुस्तिकेच्या विषयाबाहेरचा आहे, पण घराघरातल्या पोरांना वाचून दाखवावा.)

आता मानेतल्या गाठी. मेंदूकडे जाणारी मोठी धमनी जबड्याखाली जिथे दुभंगते, तिथे दोन्ही बाजूंना काही मिलिमीटरची एकेक गाठ असते. डॉक्टर तिला कॅरोटिड बॉडी म्हणतात. रक्तातल्या ऑक्सिजनवर लक्ष ठेवणं हे तिचं काम. झरीत ती जवळपास बिनकामाची बसून असते. लेहच्या विमानतळावर दार उघडलं, की काही मिनिटांत ती जागी होते आणि श्वास जोरात ओढायला लावते. श्वास खोल होतात, भरभर होतात. ऑक्सिजन थोडा वाढतो. इथपर्यंत सगळं ठीक.

पण भरभर श्वासाने कार्बन डायऑक्साइडही बाहेर पडतो. तो कमी झाला की रक्त आम्लाच्या उलट बाजूला, अल्कलीकडे झुकतं. मेंदूतल्या पहारेकऱ्याला ऑक्सिजनशी देणंघेणं नाही. तो म्हणतो, कार्बन डायऑक्साइड इतका कमी? मग एवढा श्वास कशाला? आणि लगाम खेचतो. एका जुवाला दोन बैल, एक पुढे ओढतोय, दुसरा पाय रोवून उभा, अशी ही पहिल्या दोन-तीन दिवसांची अवस्था. डोकेदुखी, मळमळ, भूक मेलेली, ‘कसंतरीच होतंय’, हे सगळं याच दिवसांतलं. या काळात विद्यार्थ्याने मध्ये पडू नये. मध्ये पडायला त्याच्या हातात काही नसतंच, फक्त दमून भागून हाल वाढवायची मुभा असते.

धडा तिसरा : किडनीचं ऐकावं

या भांडणाचा निकाल फुप्फुसं लावत नाहीत, किडन्या लावतात. रक्त अल्कलीकडे गेलंय हे कळल्यावर त्या बायकार्बोनेट नावाचा क्षार लघवीवाटे बाहेर टाकू लागतात. काम काही तासांत सुरू होतं, पण हातावेगळं व्हायला चार-पाच दिवस जातात. रक्त पुन्हा जागेवर येऊ लागलं की मेंदूचा लगाम ढिला पडतो आणि श्वासाला हवा तेवढा खोल जायला वाट मिळते. उंचीची सवय ज्याला म्हणतात, तिचा पहिला आणि सर्वांत मोठा भाग एवढाच. रक्तातल्या लाल पेशी वाढतात हे खरं, किडनी त्यासाठी एरिथ्रोपोएटिन नावाचं संप्रेरक काही तासांत सोडायला लागते हेही खरं, पण पेशी तयार होऊन कामाला लागेपर्यंत काही आठवडे जातात. तोवर भजनी मंडळ झरीत परतून मावंदंही आटोपलेलं असतं.

म्हणून वर गेल्यावर वारंवार लघवीला होणं हे सुलक्षण समजावं. गाडी थांबवायला सांगताना लाजू नये.

हे लिहायला सोपं आहे. प्रत्यक्षात टेम्पो ट्रॅव्हलरमधल्या बायका सकाळपासून पाणी पीतच नाहीत, कारण आडोसा कुठे मिळेल आणि ड्रायव्हर कधी थांबेल याचा भरवसा नसतो. पुरुष मंडळी वळणावर उतरून मोकळी होतात आणि वर ‘तुम्ही पाणी कामून पीत नाहीत?’ असं विचारतात. यात्रेच्या पत्रकात दर्शनाच्या वेळा, प्रसादाचे दर, घोड्याचे दर असं सगळं छापलेलं असतं, ही एक गोष्ट नसते. मंडळाच्या अध्यक्षांनी दर दीड-दोन तासांनी, जागा पाहून, न विचारता गाडी थांबवावी. श्वासाच्या पुस्तिकेत हा नियम लिहावा लागतो, कारण पाणी तोडलं की तोंड कोरडं पडतं, डोकं दुखतं, आणि ते उंचीमुळे दुखतंय की तहानेमुळे हे मग कुणालाच सांगता येत नाही.

किडनीला घाई करायला लावणारी गोळीही आहे. तिचं नाव असिटाझोलामाइड, दुकानात डायमॉक्स म्हणून मिळते. ती बायकार्बोनेट लघवीत लोटते, म्हणजे जे काम किडनी चार-पाच दिवसांत करते ते आधीच सुरू करून देते. लक्षणं झाकते हा तिच्यावरचा आरोप खोटा आहे. मोठ्या माणसाला सहसा १२५ मिलिग्रॅम दिवसातून दोनदा, चढाईच्या आदल्या दिवसापासून. बोटांना मुंग्या येतात, त्याला घाबरू नये. सल्फा औषधाची ॲलर्जी असेल, किडनीचा किंवा दुसरा कुठला जुना आजार असेल, तर घ्यायची की नाही हे डॉक्टरच ठरवतील. शेजाऱ्याच्या चिठ्ठीवर घेऊ नये.

धडा चौथा : पहिल्या दिवशी काय करावं

झोपावं.

या धड्याला विद्यार्थी सर्वांत जास्त विरोध करतात. पैसे भरलेत, विमानातून बर्फ पाहिलाय, समोर डोंगर उभा आहे आणि हॉटेलवाला म्हणतो पडून राहा. त्यातही पहाटे जिंतूर रोडवर सोळाशे मीटर पळून भरतीची तयारी करणारी पोरं सर्वांत अवघड. छातीचा भाता तयार आहे, पायात कस आहे, म्हणजे उंचीही आपलीच, असं त्यांचं गणित. पण दमदार असणं आणि उंचीची सवय असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. किडनीला सोळाशे मीटरची वेळ माहीत नसते. उलट तगडी पोरं पहिल्याच दिवशी जोर लावतात, ऑक्सिजन जास्त जाळतात आणि संध्याकाळी बाकीच्यांच्या आधी आडवी होतात. गुडघेदुखीमुळे खोलीत बसलेली आजी दुसऱ्या दिवशी चहा मागते तेव्हा पोरगं बादली धरून बसलेलं असतं.

पोरांना पटत नसेल तर फौजेचं वेळापत्रक दाखवावं. भारतीय सैन्यात मैदानातून वर येणाऱ्या जवानाला २,७०० ते ३,६०० मीटरच्या टप्प्यात सहा दिवस ठेवतात. पहिले दोन दिवस निव्वळ आराम. तिसऱ्या-चौथ्या दिवशी सपाटीवर सावकाश दीड ते तीन किलोमीटर चालणं. पाचव्या-सहाव्या दिवशी थोडं जास्त चालणं आणि ३०० मीटरपर्यंत चढ. मग ४,५०० मीटरपर्यंत जायचं असेल तर आणखी चार दिवस, त्याच्याही वर जायचं तर आणखी चार. ज्यांना रात्री-अपरात्री सीमेवर धावायचं असतं त्यांना फौज दोन दिवस खाटेवर बसवते. आपल्याला तर फक्त फोटो काढायचे असतात.

हे शहाणपण स्वस्तात आलेलं नाही. १९६२च्या युद्धाच्या काळात आणि नंतर सपाटीवरचे जवान घाईघाईने उंचीवर चढवले गेले आणि गोळी न लागता आजारी पडू लागले. सैन्यातले डॉक्टर इंदर सिंग आणि सहकाऱ्यांनी अशा १,९२५ सैनिकांचा अभ्यास १९६९ मध्ये ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’मध्ये मांडला. उंचीच्या आजारावर जगात कुठेही लिहायला बसलं की तो लेख आजही काढावा लागतो.

सर्वसामान्यांसाठी नियम सोपा केलेला आहे. तीन हजार मीटरच्या वर गेल्यावर एका रात्रीचा मुक्काम आधीच्या मुक्कामापेक्षा ५०० मीटरहून जास्त उंच नसावा, आणि दर तीन-चार दिवसांनी एक दिवस त्याच जागी थांबावं. दिवसा वर जाऊन रात्री खाली यायला हरकत नाही, मोजमाप झोपेच्या जागेचं असतं. गौरीकुंड १,९८० मीटरवर, केदारनाथ ३,५८३वर. एका दिवसात सोळाशे मीटर चढून तिथेच झोपणाऱ्या यात्रेकरूने नियम तिपटीने मोडलेला असतो. त्यातून बरेचजण सुटतात, कारण त्रास सहसा सहा ते बारा तासांनी सुरू होतो आणि तोवर ते दर्शन करून खाली निघालेले असतात. पुण्याई आणि शरीरशास्त्र इथे एकमेकांच्या आड येत नाहीत.

हेलिकॉप्टरने जाणाऱ्यांनी हा धडा वाचला नाही तरी चालेल, त्यांना वेळ नसतो. त्यांनी एवढंच लक्षात ठेवावं की यंत्र माणसाला काही मिनिटांत वर नेतं, त्याची किडनी मात्र चालतच येते.

आपली अवस्था कशी आहे हे तपासायला झरीकरांना यंत्राची गरज नाही. लेहला उतरल्यावर सावकाश चालता चालता ‘जगात जर्मनी, भारतात परभणी’ हे एका दमात म्हणून पाहावं. परभणी यायच्या आत थांबावं लागलं, तर चाल निम्म्यावर आणावी. जर्मनीपाशीच अडकलं, तर बसावं.

धडा पाचवा : रात्रपाळी

रात्री साडेबाराची वेळ. लेहच्या हॉटेलात दोन रजया घेऊन नवरा झोपलाय. बायको जागी आहे, कारण नवऱ्याचा श्वास वाढत वाढत जातो, मग कमी कमी होत अजिबात थांबतो. एक, दोन, तीन... दहापर्यंत मोजून होतं. ती उठून दिवा लावते.

“अहो! श्वास घ्या ना!”

तो दचकून मोठ्याने श्वास ओढतो. “घेतोय की! कामून उठवलं?”

दिवा बंद. पाच मिनिटांनी पुन्हा तेच.

दोघांचंही बरोबर आहे. जागेपणी माणूस थोडाफार लक्ष देऊन श्वास घेतो. झोपेत कारभार पुन्हा त्या दोन बैलांकडे जातो. ऑक्सिजन घटला म्हणून श्वास वाढतो, कार्बन डायऑक्साइड जास्तच बाहेर जातो, मेंदू म्हणतो आता नको, श्वास थांबतो. थांबल्यामुळे ऑक्सिजन पुन्हा घटतो आणि चक्र पहिल्यापासून. उंचीवर पहिल्या रात्रींमध्ये हे निरोगी माणसांनाही होतं. झोप मोडते, पण एवढ्यावरून घाबरायचं कारण नाही. बायकोने त्याला कुशीवर वळवून झोपावं. पहाटे तो तक्रार करील की रात्रभर डोळा लागला नाही, तिने ते ऐकून घ्यावं आणि आपल्याला झोप लागली होती का, हे त्याने विचारण्याची वाट पाहू नये.

झोप यावी म्हणून गोळी घेऊ नये, आणि ‘थंडी फार आहे’ या सबबीखाली बाटलीही उघडू नये. दोन्ही श्वासाचा हुकूम मंद करतात. ज्या रात्री श्वासाला सर्वांत जास्त जागं राहायचंय, त्याच रात्री त्याला गुंगी देण्यासारखं ते होईल. बिडी-सिगारेटचा धूर तर रक्तातल्या ऑक्सिजनची जागाच अडवतो, ती झरीतच ठेवून यावी.

धडा सहावा : बोटाला लावायचं यंत्र

२०२१ साली कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत गावोगावी पल्स ऑक्सिमीटर आले आणि ९४ हा आकडा सगळ्यांना तोंडपाठ झाला. ९४च्या खाली म्हणजे परभणीत खाट शोधा, गाडी काढा. त्या दिवसांची धास्ती अजून अंगात आहे. म्हणून लेहला पोचल्यावर कुणीतरी पिशवीतून ते यंत्र काढतो, बोटाला लावतो, ८८ पाहतो आणि खोलीत रडारड सुरू होते.

साडेतीन हजार मीटरवर पहिल्या दिवशी ८५ ते ९२ हा आकडा बऱ्याच धडधाकट माणसांचा असतो. झरीत ८८ म्हणजे फुप्फुसात काहीतरी बिघडलंय. लेहमध्ये ८८ म्हणजे फुप्फुसं चांगली आहेत, हवा विरळ आहे. शिवाय गार पडलेल्या बोटावर यंत्र खोटं बोलतं. आधी हात चोळून गरम करावा, पाच मिनिटं शांत बसावं, मग मोजावं. बरोबरच्यांपेक्षा एखाद्याचाच आकडा बराच खाली असेल आणि त्याला बसल्या जागी धाप लागत असेल, तर मात्र तो आकडा खरा मानावा. आणि आकडा कितीही सुंदर असला तरी माणूस आजारी दिसत असेल तर माणसाचं ऐकावं, यंत्र पिशवीत टाकावं.

गावच्या प्राणायाम वर्गातली मंडळी इथे हात वर करतात. त्यांचंही चूक नाही. सावकाश, खोल श्वास घेतल्याने आकडा त्या वेळेपुरता वर जातो, हे मोजून पाहिलेलं आहे. अडचण अशी की झोपेत कुणी अनुलोम-विलोम करत नाही.

रुमालात कापराची पुरचुंडी बांधून ती हुंगत जाणं हा उपाय यात्रेत घरोघरचा आहे. कापराने नाक मोकळं झाल्यासारखं वाटतं. रक्तातला ऑक्सिजन त्याने वाढतो याला पुरावा नाही. पुरचुंडी आरतीसाठी राखून ठेवावी. दुकानात मिळणारा ऑक्सिजनचा हलका डबा काही मिनिटं पुरतो. तेवढ्यात फोटो होतो, सवय होत नाही. मंडळासोबत आचारी असेल तर त्याला कुकर मात्र न विसरता द्यावा. लेहला पाणी ८८ अंशांच्या आसपासच उकळतं आणि उघड्या पातेल्यातली तूरडाळ तासन्‌तास तशीच राहते.

धडा सातवा : इथे थट्टा नाही

उंचीवर डोकं दुखायला लागलं आणि सोबत मळमळ, थकवा, चक्कर असेल, तर तो उंचीचाच आजार समजावा, दुसरं काही सिद्ध होईपर्यंत. थांबावं. त्याच उंचीवर राहून बरं वाटलं तरच पुढे जावं.

बसल्या जागी धाप लागतेय, खोकला येतोय, छातीत घुरघुर ऐकू येतेय, थुंकीला गुलाबी फेस आहे, ओठ-नखं निळसर दिसताहेत, तर फुप्फुसात पाणी भरतंय. ऑक्सिजन घटला की फुप्फुसातल्या रक्तवाहिन्या आकसतात, काहींच्या जास्तच आकसतात, आत दाब वाढतो आणि पाणी झिरपतं. तरण्याताठ्या माणसालाही हे होतं. दुसरा प्रकार मेंदूच्या सुजेचा. माणूस असंबद्ध बोलतो, भलतंच चिडतो, पेंगतो. त्याला टाचेला टाच जोडून सरळ रेषेत चालायला सांगावं. झोकांड्या गेल्या तर वेळ संपलेली आहे असं समजावं.

दोन्हीत इलाज एकच, खाली उतरणं. त्याच रात्री, पावसात, दर्शन राहिलं तरी. मिळाला तर ऑक्सिजन लावावा, डॉक्टर गाठावा, पण त्यांची वाट पाहत वरच थांबू नये. आजारी माणूस ‘मला काही झालेलं नाही’ म्हणेल. त्याला एकट्याने उतरू देऊ नये. देव कुठे जात नाही. तेव्हाच्या औरंगाबादच्या मनीषा वाघमारे २०१७ साली एव्हरेस्टच्या माथ्याजवळ पोचून, हवामान बिघडल्यामुळे मागे फिरल्या आणि २०१८ साली पुन्हा जाऊन माथ्यावर उभ्या राहिल्या. मराठवाड्यातल्या माणसाला मागे फिरणं जमत नाही, असं कुणी म्हटलं तर हे नाव सांगावं.

जादा वाचन (परीक्षेत येणार नाही)

१९८१ साली ख्रिस्तोफर पिझो या डॉक्टरने एव्हरेस्टच्या माथ्यावर बसून हवेचा दाब मोजला. तो २५३ मिलिमीटर भरला. त्याने स्वतःच्या उच्छ्वासाचे नमुनेही कुपीत बंद करून खाली आणले. सपाटीवर माणसाच्या फुप्फुसात कार्बन डायऑक्साइडचा दाब ४०च्या आसपास असतो. त्याच्यात तो साडेसात निघाला. म्हणजे श्वास सपाटीच्या पाचपट खोल आणि भरभर चाललेला, तोही नुसता बसल्या जागी. त्याच्या तीन वर्षं आधी, १९७८ साली, राइनहोल्ड मेस्नर आणि पीटर हाबेलर हे दोघे ऑक्सिजनच्या नळकांड्याशिवाय तिथे जाऊन आले होते. त्याआधी हे शक्य आहे की नाही यावर जाणकारांची भांडणं चालू होती.

पुण्याच्या सुरेंद्र चव्हाण यांनी १९९८ साली आणि उमेश झिरपे यांच्या नेतृत्वाखाली ‘गिरिप्रेमी’च्या आठ जणांनी २०१२ साली एव्हरेस्ट गाठलं तेव्हाही रीत चौथ्या धड्यातलीच होती. वरच्या तळापर्यंत जायचं, खाली येऊन झोपायचं, पुन्हा वर जायचं. चढाईचे दिवस मोजके, बाकीचे आठवडे किडनीच्या नावे.

लडाखी माणूस पाठीवर गॅसची टाकी घेऊन आपल्याला ओलांडून जातो तेव्हा वाईट वाटून घेऊ नये. हजारो वर्षं त्या उंचीवर राहिलेल्या तिबेटी वंशाच्या लोकांत इपास-वन नावाच्या जनुकाचा वेगळा नमुना आढळतो. तो डेनिसोव्हा या नामशेष मानवगटाकडून आला, असं २०१४ साली दिसून आलं. गंमत अशी की त्यामुळे त्यांच्या रक्तात लाल पेशी फारशा वाढत नाहीत. रक्त दाट होऊ न देता ते भागवतात. आपल्याला हे आठवडाभरात जमणार नाही.

आणि एक विद्यार्थी असा आहे, ज्याला ही पुस्तिका लागतच नाही. हिवाळ्यात पैठणच्या नाथसागरावर पट्टकादंब नावाचे राखाडी हंस येतात. पांढऱ्या डोक्यावर दोन काळे पट्टे. त्यांची घरटी लडाख, तिबेट, मंगोलियाकडे. त्यांना अंगावर यंत्रं बसवून माग काढला तेव्हा एकाची नोंद ७,२९० मीटरवर झाली. त्यांचं हिमोग्लोबिन ऑक्सिजन घट्ट पकडतं, फुप्फुसं इतर बदकांच्या मानाने मोठी, श्वास खोल. नाथसागर भरला की मराठवाड्यातली वर्तमानपत्रं समुद्रसपाटीपासून १,५२२ फूट असा आकडा छापतात. तिथून उठून हे पाहुणे थांबत, चरत उत्तरेला जातात आणि हिमालयाचा चढ सवयीसाठी मुक्काम न करता काही तासांत पार करतात. याच जायकवाडी धरणाच्या डाव्या कालव्याचं पाणी परभणी जिल्ह्यात येतं. पाण्यातून हा गुण मात्र येत नाही, पिऊन पाहिलेलं आहे.

शेवटचा धडा : परत आल्यावर

खाली उतरताच पायात बळ आल्यासारखं वाटतं. ते खरं असतं, पण टिकत नाही. किडन्या बायकार्बोनेट पुन्हा साठवू लागतात, काही दिवसांत श्वास झरीच्या मापाला येतो, जादा लाल पेशीही हळूहळू ओसरतात. ‘मी एकदा जाऊन आलोय’ हे प्रमाणपत्र भिंतीला शोभतं, रक्तात त्याची नोंद राहत नाही. पुढच्या वर्षी पुन्हा पहिलीत बसावं लागतं.

फौजेचा नियम इथेही स्पष्ट आहे. दहा दिवसांपेक्षा जास्त पण चार आठवड्यांच्या आत खाली राहिलेल्या जवानाला परत गेल्यावर चार दिवसांचा छोटा अभ्यासक्रम. चार आठवड्यांपेक्षा जास्त राहिला, तर सगळं वेळापत्रक पहिल्यापासून. सीमेवर पाच वर्षं काढलेला असला तरी. सुट्टी संपवून गेलेल्या अशा जवानाला घरून फोन जातो, तेव्हा पुढचं संभाषण पाठ करून ठेवावं, म्हणजे गावात उगाच अफवा उठणार नाहीत.

“पोचलास का रे?”

“पोचलो माय. पडलोय.”

“भर दुपारी? आजारी हायेस का?”

“नाही गं. आजारी पडू नये म्हणून झोपवलंय. परवापर्यंत हीच ड्युटी हाये.”